‘बॉस्टनचा शाप’ : एका प्रतिक्रियेला सविस्तर उत्तर

नमस्कार.

बॉस्टन रेड सॉक्सवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलेली प्रतिक्रिया मी तीन वेळा वाचली. तिथेच चार ओळींत आभार मानून मोकळं होता आलं असतं, पण तुमचे मुद्दे तेवढ्यावर भागण्यासारखे नाहीत. म्हणून हे वेगळं लिहितेय.

मूळ लेख ज्यांनी वाचला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. बॉस्टनच्या या बेसबॉल संघानं बेब रूथ हा खेळाडू न्यूयॉर्क यँकीजला विकला. ती बातमी ५ जानेवारी १९२० ला जाहीर झाली. त्याआधी १९१८ मध्ये संघानं वर्ल्ड सीरीज, म्हणजे तिकडचं वर्षाचं विजेतेपद, जिंकलं होतं, त्यानंतर जिंकलं ते थेट २००४ मध्ये. मधली ८६ वर्षं कोरडी. याला तिकडे ‘बँबिनोचा शाप’ म्हणतात. बँबिनो म्हणजे इटालियन भाषेत बाळ, ते रूथचं लाडाचं नाव. मी हा सगळा प्रवास प्रेमानं लिहिला होता.

तुमचे आक्षेप तीन. पहिला : शाप ही पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली समजूत नव्हती, ते वर्तमानपत्रवाल्यांनी फार उशिरा काढलेलं खूळ होतं, आणि इथे दाराला लिंबू-मिरची दिसली की लेख लिहिणारी मी तिकडच्या शापाचं मात्र कौतुक करते. दुसरा : १९८६ च्या पराभवाचं सगळं खापर मी बिल बकनर या एका माणसावर फोडलं. तिसरा तुमच्याच शब्दांत देते : ‘ज्या संघानं सगळ्यात शेवटी कृष्णवर्णीय खेळाडू घेतला, त्याच्या इतिहासात त्याबद्दल अवाक्षर नाही. हा इतिहास नव्हे, ही भक्ती आहे.’

दुसरा आणि तिसरा आक्षेप मला पूर्ण मान्य आहे. पहिला निम्मा मान्य आहे, आणि राहिलेल्या निम्म्यासाठी मी भांडणार आहे.

तुम्ही म्हणता ते खरं आहे : १९८० च्या आधी फेनवे पार्क या संघाच्या मैदानात बसलेल्या कुणाला ‘शाप कसला?’ असं विचारलं असतं, तर त्याला प्रश्नच कळला नसता. रूथच्या शापाचा उल्लेख १९८६ च्या पराभवानंतर न्यूयॉर्कच्या एका स्तंभलेखकानं केला, आणि १९९० मध्ये बॉस्टनचे पत्रकार डॅन शॉनेसी यांनी त्या नावाचं पुस्तक लिहिलं, तेव्हा तो शब्द घरोघरी पोचला. मी मात्र ‘१९२० पासून बॉस्टनकर या शापाच्या सावलीत जगत होते’ असं लिहून मोकळी झाले. ती चूक आहे.

त्याच दमात मी आणखी एक ऐकीव गोष्ट लिहिली होती, तीही तुम्ही पकडलीत. मालक हॅरी फ्रेझी यानं ‘नो, नो, नॅनेट’ हे संगीत नाटक उभं करायला रूथला विकलं, ही ती गोष्ट. ते नाटक ब्रॉडवेवर आलं १९२५ मध्ये, म्हणजे सौद्यानंतर पाच वर्षांहून अधिक काळानं. फ्रेझी नाटकवाला होता आणि त्याला पैशाची चणचण होती, एवढं खरं. लीगचा अध्यक्ष बॅन जॉन्सन याच्याशी त्याचं हाडवैर होतं, त्यामुळे इतर बहुतेक संघ त्याच्याशी व्यवहार करायला तयार नव्हते. तिकडे रूथनं १९१९ मध्ये २९ होम रन (चेंडू थेट मैदानाबाहेर टोलवलेले फटके) मारून विक्रम केला होता आणि त्याला पगार दुप्पट हवा होता.

सौदा झाला एक लाख डॉलरला. पण मला त्यातला दुसरा भाग जास्त महत्त्वाचा वाटतो. यँकीजचा मालक जेकब रुपर्ट यानं फ्रेझीला तीन लाख डॉलरचं कर्जही दिलं, आणि त्याला तारण ठेवलं फेनवे पार्क. म्हणजे बॉस्टनचं घरच न्यूयॉर्ककडे गहाण पडलं. पुढच्या तीन-चार वर्षांत वेट हॉइट, हर्ब पेनॉक, जो डूगन असे एकेक खेळाडू त्याच वाटेनं गेले. १९२३ मध्ये यँकीज पहिल्यांदा विजेते झाले तेव्हा त्यांच्या पिचरांपैकी, म्हणजे चेंडू टाकणाऱ्यांपैकी, बरेचसे मूळचे बॉस्टनचे होते. आणि १९२२ ते १९३२ या अकरा हंगामांत रेड सॉक्स नऊ वेळा तळाला राहिले. याला शाप कशाला हवा? घर गहाण टाकून एकेक भांडं विकणाऱ्या कुटुंबाचं जे होतं तेच इथे झालं.

आता मी भांडणार आहे तो भाग. शाप उशिरा आला म्हणून सगळंच बनावट, असं तुम्ही म्हणता, ते मला पटत नाही. ती वाट पाहणं खरं होतं. ते मी वाचलेलं नाही, पाहिलेलं आहे.

२००१ ते २००६ आम्ही बॉस्टनच्या पश्चिमेला वुस्टरमध्ये राहत होतो. लाकडी तीन मजली घर, तिकडे त्याला थ्री-डेकर म्हणतात. प्रत्येक मजल्यावर एक बिऱ्हाड, मागे प्रत्येकाला एक गॅलरी. आम्ही मधल्या मजल्यावर, तळाला घरमालक. ऐंशीच्या घरातले गृहस्थ, आयुष्य कारखान्यात गेलेलं, पत्नी आम्ही यायच्या आदल्या वर्षी वारलेली. मी मनात त्यांना आजोबाच म्हणायचे. सामना सुरू झाला की ते टीव्हीचा आवाज बंद करायचे आणि शेजारी रेडिओ लावायचे. चित्र टीव्हीचं, बोलणं रेडिओचं. दोन्हींचा मेळ कधीच बसायचा नाही. रेडिओवर चेंडू आधी मारला जायचा आणि पडद्यावर नंतर दिसायचा. त्याचं त्यांना काहीच वाटत नसे.

त्यांच्या तोंडून ‘शाप’ हा शब्द मी एकदाही ऐकला नाही. ते वर्षं सांगायचे. १९४६ : युद्धावरून परत आलेले, सेंट लुईसमधला सातवा सामना रेडिओवर ऐकला, इनॉस स्लॉटर पहिल्या बेसवरून थेट घरापर्यंत धावत आला आणि लोकांनी दोष दिला रेड सॉक्सच्या जॉनी पेस्कीला, की त्यानं चेंडू क्षणभर हातात धरून ठेवला. १९६७ : कार्ल यस्ट्रझेम्स्कीचं वर्ष, पुन्हा सेंट लुईस, पुन्हा सातवा सामना. १९७५ : सिनसिनाटीविरुद्ध सहाव्या सामन्यात बाराव्या इनिंगमध्ये कार्लटन फिस्कचा चेंडू खांबावर आदळला, म्हणजे होम रन, सगळं शहर नाचलं, आणि दुसऱ्या दिवशी सातवा सामना गेला. १९७८ : यँकीजविरुद्ध एकाच सामन्यात निकाल, आणि यँकीजच्या बकी डेंटचा होम रन. एखाद्या घरात कुणाचं लग्न कधी, कोण कधी गेलं हे जसं सांगतात, तसं ते हे सांगायचे. १९७५ म्हटलं की त्यात त्यांचा थोरला मुलगा यायचा, १९६७ म्हटलं की भाऊ.

२००३ च्या ऑक्टोबरमध्ये यँकीजविरुद्ध सातव्या सामन्यात अकराव्या इनिंगला ॲरन बूननं होम रन मारला. त्या रात्री खालून रेडिओ बंद झाल्याचा आवाज आला आणि नंतर काहीच आलं नाही. दुसऱ्या दिवशी ते अंगणातली पानं गोळा करत होते. मला काय बोलावं सुचेना. त्यांनीच विचारलं, दिवाळी कधी आहे यंदा?

आणि मग २००४. पुन्हा यँकीज, पहिले तीन सामने हरलेले. तीन हरून चार जिंकल्याचं मेजर लीग बेसबॉलच्या इतिहासात तोवर एकही उदाहरण नव्हतं. चौथ्या सामन्यात नववी इनिंग, एका धावेची पिछाडी, समोर यँकीजचा पिचर मारियानो रिवेरा. केव्हिन मिलार चार चुकीचे चेंडू पडल्यामुळे आपोआप पहिल्या बेसवर गेला, त्याच्या जागी धावायला डेव्ह रॉबर्ट्सला पाठवलं. तो दुसरा बेस चोरणार, म्हणजे फटक्याची वाट न पाहता धावून गाठणार, हे मैदानातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. रिवेरानं तीन वेळा पहिल्या बेसवर चेंडू फेकून त्याला परत ढकललं. मग पहिल्याच पिचला रॉबर्ट्स धावला, आणि हात दुसऱ्या बेसला लागला तो चेंडू येण्याच्या जेमतेम निमिषभर आधी. बिल म्युलरच्या फटक्यावर तो घरी आला, बरोबरी झाली, आणि बाराव्या इनिंगला डेव्हिड ऑर्टिझनं होम रन मारला. तो सामना धरून, वर्ल्ड सीरीजसकट, पुढचे आठही सामने रेड सॉक्सनी जिंकले.

२७ ऑक्टोबरला शेवटचा सामना सेंट लुईसमध्ये होता. त्या रात्री खग्रास चंद्रग्रहण होतं. आम्ही सगळे आजोबांकडे जमलो होतो. आठव्या इनिंगनंतर ते उठून मागच्या गॅलरीत गेले आणि तांबड्या चंद्राकडे बघत उभे राहिले. मी हाक मारली तेव्हा आले, पण बसले नाहीत. शेवटचा बॅटर एडगर रेंटेरिया, त्याच्या पाठीवर ३ हा आकडा. यँकीजमध्ये रूथचा आकडा तोच होता. साधा घरंगळत आलेला चेंडू, कीथ फोल्कनं उचलून पहिल्या बेसकडे टाकला, आणि संपलं. रेडिओवर संपलं, मग पडद्यावर संपलं.

सकाळी त्यांनी मला गाडीनं दफनभूमीत न्यायला सांगितलं. मला वाटलं, आम्ही दोघंच असू. पण तिथे गाड्यांची रांग होती. कितीतरी थडग्यांवर टोप्या होत्या, दगडाखाली दाबलेले त्या दिवशीचे पेपर होते, दवानं ओले झालेले. कुणी बापाकडे आलं होतं, कुणी आजोबांकडे. आमच्या आजोबांनी पत्नीच्या थडग्यावर पेपर ठेवला, उडू नये म्हणून त्यावर स्वतःची गाडीची किल्ली ठेवली, मग किल्ली लागेल हे लक्षात आल्यावर दगड शोधून आणला. संपूर्ण न्यू इंग्लंडभर त्या आठवड्यात असंच घडलं, हे नंतर कळलं.

हे मी पाहिलंय, म्हणून ‘सगळंच बनावट’ हे मान्य करणार नाही. शब्द नवा होता. दुखणं जुनं होतं.

लिंबू-मिरचीबद्दल. तुमचा टोला मला लागला आणि त्यावर मी बराच विचार केला. तिथल्या लोकांनी बरंच काही केलं : स्टॉरो ड्राइव्हवर पुढे उलटं वळण असल्याची रस्त्यावरची पाटी रंग मारून ‘शाप उलटवा’ अशी करून टाकली होती, रूथनं सडबरीच्या एका तळ्यात पियानो ढकलला होता म्हणे, तो वर काढला तर शाप सुटेल म्हणून पाणबुड्यांनी तळाशी शोध घेतला. हे सारं मी लेखात हौसेनं सांगितलं, कारण मला त्यात भीती दिसली नाही, हौसच दिसली. पण शापाची गोष्ट निरुपद्रवी असते, हे जे मी गृहीत धरलं, तिथे माझी चूक झाली. शाप म्हटला की जाब कुणालाच विचारावा लागत नाही. हे मला तुमच्या दुसऱ्या आणि तिसऱ्या मुद्द्यांनी दाखवलं.

बकनरचंच घ्या. मी लिहिलं होतं : ‘चेंडू बकनरच्या पायांमधून गेला आणि वर्ल्ड सीरीज हातची गेली.’ आता तो सामना नीट मांडते. २५ ऑक्टोबर १९८६, न्यूयॉर्क, मेट्सविरुद्ध सहावा सामना, दहावी इनिंग. रेड सॉक्स ५-३ नं पुढे, मेट्सचे दोन बाद, बेसवर कुणी नाही. मग लागोपाठ तीन सिंगल : कार्टर, मिचेल, नाइट. ५-४. पिचर बदलला, बॉब स्टॅन्ली आला. विजेतेपदाला एका स्ट्राइकचं अंतर होतं, आणि त्याचा एक चेंडू कॅचरला चकवून मागे गेला. ५-५. म्हणजे बकनरच्या पायांमधून गेलेला तो फटका मेट्सच्या मुकी विल्सननं मारला तेव्हा आघाडी गेलेलीच होती. आणि ६-५ नं हरल्यावरही सातवा सामना उरला होता. त्यात रेड सॉक्स ३-० नं पुढे होते, आणि तोही ८-५ नं घालवला. त्या दिवशी तारीख होती २७ ऑक्टोबर. अठरा वर्षांनी ज्या तारखेला जिंकले, तीच.

बकनरचे घोटे इतके गेलेले होते की त्या सीरीजमध्ये तो उंच बूट घालून खेळत होता. आघाडीवर असताना शेवटच्या इनिंगला त्याच्या जागी डेव्ह स्टेपलटनला उभं करायची पद्धत होती. त्या रात्री मॅनेजर जॉन मॅकनमारानं तसं केलं नाही. बकनरच्या नावावर २,७१५ हिट आहेत, १९८० मध्ये तो नॅशनल लीगचा सर्वोत्तम बॅटर ठरला होता. माझ्या लेखात यातलं काहीच नव्हतं. ८ एप्रिल २००८ ला फेनवेवर त्याला पहिला चेंडू टाकायला बोलावलं, सगळं मैदान उभं राहून टाळ्या वाजवत होतं, आणि तो डोळे पुसत होता. २०१९ च्या मे महिन्यात तो गेला. आमचे आजोबा तर १९४६ च्या पेस्कीबद्दलही हेच म्हणायचे, की चेंडू धरला तो एक क्षण सगळ्यांना आठवतो, आधीचे सहा सामने कुणालाच आठवत नाहीत. मी हे त्यांच्याकडून ऐकलेलं असूनही बकनरबद्दल ते वाक्य लिहिलं, याचं मला वाईट वाटतं.

आता तिसरा मुद्दा.

मी लेखात फेनवेच्या डाव्या बाजूच्या त्या हिरव्या भिंतीवर एक अख्खा परिच्छेद लिहिला होता. ३७ फूट उंच, तिच्या पायथ्याशी आजही हातानं आकडे लावायचा धावफलक. त्या फलकावरच्या पांढऱ्या उभ्या रेषांमध्ये बारीक ठिपके आणि आडव्या रेघा आहेत. मी पहिल्यांदा गेले तेव्हा मला ती नक्षी वाटली. शेजारच्या खुर्चीवरच्या बाईंनी सांगितलं, ती मोर्स लिपी आहे : मालक टॉम यॉकी आणि त्याची पत्नी जीन यांच्या नावांची आद्याक्षरं. मला ते फार हृद्य वाटलं आणि तसं मी लिहिलंही. यॉकीनं १९३३ मध्ये डबघाईला आलेला संघ विकत घेऊन मैदान नव्यानं बांधून काढलं, हेही लिहिलं. पुढचं लिहिलं नाही.

पुढचं असं. १६ एप्रिल १९४५ ला याच मैदानावर तीन कृष्णवर्णीय खेळाडूंची चाचणी झाली : जॅकी रॉबिन्सन, सॅम जेथ्रो आणि मार्व्हिन विल्यम्स. ती संघानं मनापासून घेतलेली नव्हती. आयझॅडोर मचनिक या नगरसेवकानं रविवारी सामने खेळायचा परवाना अडवून धरण्याचा इशारा दिला होता आणि पिट्सबर्गचे पत्रकार वेंडेल स्मिथ या तिघांना घेऊन आले होते, म्हणून ती झाली. रॉबिन्सनचे फटके त्या भिंतीवर आदळत होते. तिघांनाही पुन्हा निरोप आला नाही. दोन वर्षांनी रॉबिन्सन ब्रुकलिन डॉजर्सकडून मैदानात उतरला, आणि त्या काळात मेजर लीगमध्ये खेळणारा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू ठरला. जेथ्रो १९५० मध्ये नॅशनल लीगचा सर्वोत्तम नवा खेळाडू ठरला, तोही बॉस्टनमध्येच, पण गावातल्या दुसऱ्या संघाकडून, ब्रेव्ह्जकडून. अलाबामात बर्मिंगहॅमला ज्या मैदानावर रेड सॉक्सचा दुय्यम संघ खेळायचा, त्याच मैदानावर ब्लॅक बॅरन्स या कृष्णवर्णीयांच्या संघाकडून विली मेज नावाचा पोरगा खेळत होता. त्यांनी त्यालाही घेतलं नाही. तो पुढे ६६० होम रन मारून गेला.

१९४८ आणि १९४९, लागोपाठ दोन वर्षं रेड सॉक्सची वर्ल्ड सीरीज एकेका सामन्यानं हुकली. संघाचा सर्वात मोठा बॅटर टेड विल्यम्स तेव्हा ऐन भरात होता. त्याच्या शेजारी रॉबिन्सन असता तर? आजोबा १९४९ चं नाव काढलं की मान हलवायचे. मी त्यांना हा प्रश्न कधी विचारला नाही, आणि आता विचारता येणार नाही. पण ८६ वर्षांतल्या निदान काही वर्षांचं कारण इथे आहे, उघड, तारखेसकट. ते रूथच्या विक्रीत नाही. आणि शापाची गोष्ट रंगवताना मी नेमकं हेच झाकलं. ते जाणूनबुजून केलं नाही. गोष्ट इतकी छान जुळत होती की मी आणखी शोधलंच नाही. तुम्ही ‘भक्ती’ म्हणालात तो शब्द मी घेते.

टेड विल्यम्सबद्दल मात्र एक सांगायचं आहे, कारण तोही याच इतिहासात आहे. जुलै १९६६ मध्ये कूपर्सटाउनला त्याचा हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे बेसबॉलमधल्या थोरांच्या मानाच्या दालनात, समावेश झाला, तेव्हाच्या छोट्याशा भाषणात त्यानं सॅचेल पेज आणि जॉश गिब्सन यांची नावं घेऊन सांगितलं, की ज्यांना संधीच मिळाली नाही त्या कृष्णवर्णीय खेळाडूंनाही इथे जागा मिळायला हवी. त्याला कुणी विचारलं नव्हतं. पेज १९७१ मध्ये आत आला, गिब्सन १९७२ मध्ये. फेनवेजवळचा यॉकीच्या नावाचा रस्ता २०१८ मध्ये पुन्हा जर्सी स्ट्रीट झाला, आणि ती मागणी संघाच्या आजच्या मालकांनीच केली होती.

मूळ लेखात आज तीन बदल केले आहेत. शापाच्या पहिल्या परिच्छेदात १९८६ आणि १९९० ही सालं घातली आणि नाटकाची गोष्ट काढली. बकनरचं वाक्य काढून वरचा सामना जसाच्या तसा घातला. भिंतीचा परिच्छेद ठेवला आहे, मोर्स लिपीसह, पण त्याखाली चाचणीची हकिगत आणि पम्पसी ग्रीनची पाच वाक्यं जोडली आहेत. ती इथेही देते.

२१ जुलै १९५९ ला शिकागोत पम्पसी ग्रीन रेड सॉक्सकडून मैदानात उतरला. रॉबिन्सननंतर बारा वर्षांनी, सगळ्या सोळा संघांमध्ये सगळ्यात शेवटी. त्याच वर्षी वसंतातल्या सराव शिबिरात ॲरिझोनामध्ये त्याला संघाच्या हॉटेलात जागा मिळाली नव्हती, तो एकटा दुसऱ्या गावात राहत होता. ४ ऑगस्टला फेनवेवर पहिल्यांदा बॅट घेऊन आला तेव्हा लोक उभे राहिले, आणि त्याचा चेंडू जाऊन डावीकडच्या त्या हिरव्या भिंतीवर आदळला. तो परत येईपर्यंत ग्रीन तिसऱ्या बेसवर पोचला होता.